बाबांचा थॅलॅमस

माझे वडील दत्ताराम म्हणजे विक्रोळीतले नामांकित खोटारडे. चाळीस वर्षं त्यांची पाठ नेमकी पाणी भरायच्या वेळी धरायची, आणि आईने नारळ खोवायला सांगितला की पोटात कळ यायची. त्यामुळे यंदा मे महिन्यात, लहानसा स्ट्रोक येऊन गेल्यावर, "माझो डावो हात जळता" असं ते म्हणायला लागले तेव्हा आई ढिम्म हलली नाही.

"हाताक साधो ओरखडो नाय. मूठ आवळतत, कप धरतत. सगळी नाटकां!"

मी एमआरआय सेंटरमध्ये टेक्निशियन. स्कॅन मीच काढला, रिपोर्ट मीच घरी आणला आणि आईला समजावायला बसले. मेंदूच्या मधोमध थॅलॅमस असतो, कबुतराच्या अंड्याएवढे दोन गोळे. त्याला सोसायटीचा सेक्रेटरी समज. स्पर्श, आवाज, डोळ्यांना दिसलेलं, सगळं त्याच्यामार्फतच वरच्या मजल्यावर जातं. वास तेवढा परस्पर आत घुसतो. बाबांच्या उजव्या थॅलॅमसमध्ये मुगाच्या डाळीएवढा डाग होता. शेजारूनच हात हलवायच्या तारा जातात, त्या शाबूत. म्हणून हात चालतो. पण नुसती बाही घासली तरी सेक्रेटरी वर कळवतो, आग लागली!

आईने फिल्म खिडकीत धरून पाहिली. "एवढ्याशा ठिपक्यासाठी एवढी बोंब?" म्हणाली, आणि बाबांपुढे नारळ ठेवला. माझं डोकंच फिरलं. मग लाजही वाटली, कारण स्वतः स्कॅन काढूनसुद्धा बाबांवर माझा पुरता विश्वास नव्हता.

गणपतीत तिसऱ्या दिवशी कांदिवलीच्या मंडळाशी डबलबारी होती, म्हणजे दोन भजनी मंडळांची समोरासमोर जुगलबंदी. आमच्याकडून पखवाज बाबांचा. इथे मात्र त्यांनी कधी सबब सांगितली नव्हती. अंगात ताप असताना वाजवलाय, हाताला टाके असताना वाजवलाय. त्या दिवशी त्यांनी पखवाजाच्या डाव्या पुडीवर, म्हणजे चामड्यावर, आवाज खर्जात उतरावा म्हणून कणीक थापली, तळहात टेकवला आणि झटकन मागे घेतला. पुन्हा टेकवला. कपाळावर घाम आला. मग त्यांनी अख्खा पखवाज समोरच्या मंडळाच्या पखवाजवाल्या जयवंतकडे सरकवला. तीस वर्षांचा दुश्मन तो.

"तू वाजव रे."

आई बायकांमधून उठली आणि लोकांच्या मांड्या तुडवत बाबांपाशी येऊन बसली. त्यांचा हात धरायला गेली आणि मध्येच थांबली.

"खूप जळता?" चार महिन्यांत पहिल्यांदा तिने विचारलं. डोळे भरले होते तिचे.

मला वाटलं, आता हा माणूस कसली संधी सोडतोय! निदान दिवाळीपर्यंत तरी घरात काडी हलवायला नको.

"नाय गो," बाबा म्हणाले. "एवढा काय नाय. सहन होता."

इतकं धडधडीत खोटं ते उभ्या आयुष्यात बोलले नव्हते.