राजीखुशी

हवालदार यादोराव बिसेन यांना इंग्रजीचे एकंदर अकरा शब्द येत होते आणि ते सगळेच्या सगळे हुकूम होते. थांब, चल, वळ, ताठ उभा राहा, गोळी घाल. बसऱ्याच्या वाळूत तीन उन्हाळे काढून ते हे शब्द घेऊन दवनीवाड्याला परतले होते. इंग्रजीत विनंती कशी करतात, हे पलटणीत त्यांना कोणी शिकवलंच नव्हतं.

आणि १९२८ साली हेच यादोराव नागपूरच्या कौन्सिलात मेंबर होऊन बसले होते.

पण गोष्ट सुरू होते ती बारा वर्षं आधी. सन सोळामध्ये जर्मनीविरुद्धच्या लढाईला माणसं कमी पडू लागली, तेव्हा तहसिलीतून मालगुजारांना निरोप आला, की गावामागे दोन जवान हजर करा. मालगुजार म्हणजे सरकारसाठी गावाचा सारा वसूल करणारा, गावाचा धनी. त्यानं दोन घरं निवडली. त्यातलं एक यादोरावांचं, कारण त्या घरात तीन भाऊ होते आणि मधला भाऊ उंच होता. तहसिलीच्या ओट्यावर कारकुनानं कागद पुढे केला. दोघांपैकी यादोराव चार इयत्ता शिकलेले. त्यांनी सही करायच्या आधी कागद वाचला. त्यावर लिहिलं होतं, ‘मी आपल्या राजीखुशीने फौजेत दाखल होत आहे.’

“बाबूजी, मले तं पाठवलं आहे,” यादोराव म्हणाले. “मी खुशीनं कोठी आलो?”

कारकून हसला. “तुम्ही बिसेन म्हणजे जातीनं पवार ना? माळव्यातून आलेले, तलवारीची जात! मग खुशी कशी नाही?”

“तलवार कोणत्या पिढीत होती ते आमच्या आज्यालेही ठाऊक नोहोतं जी. आमी धान लावतो.”

“सही कर रे बाबा. राजीखुशी माणसात नसली तरी चालते, कागदात असली म्हणजे झालं.”

यादोरावांनी सही केली. पण तो शब्द त्यांच्या पायात मोडलेल्या काट्यासारखा राहिला. वरून काही दिसायचं नाही, पण पाय टेकला की कळ यायची.

लढाईनंतर कौन्सिलच्या निवडणुका आल्या. मत सगळ्यांना नव्हतंच. जमीनवाल्यांना होतं, आणि फौजेतून परतलेल्या काही जणांना. केवलराम पटले हे यादोरावांच्या बायकोचे थोरले भाऊ आणि सालेकशाकडच्या एका गावचे मालगुजार. त्यांनीच यादोरावांना उभं केलं. घरात एक मेंबर असलेला बरा, हा त्यांचा साधा हिशेब. मतदार बैलगाड्यांत बसवून आणले, छातीवर पदकं लावून यादोरावांना गावोगाव फिरवलं आणि निवडूनही आणलं. पहिलं वर्ष यादोराव कौन्सिलात गप्प बसून राहिले. भाषणं इंग्रजीत होत. हात वर करायची वेळ आली की शेजारी बसणारे घनश्याम वकील कोपरानं ढोसत.

त्या वर्षी पौषात धान खळ्यावर आलं असताना गोमती त्यांच्या अंगणात येऊन उभी राहिली. सालेकशाच्या जंगलातल्या कोसमटोल्याची ही गोंड बाई. मागे तिचा नवरा मनीराम होता. त्यानं तोंडाला पंचा गुंडाळला होता.

“सोड,” गोमती त्याला म्हणाली.

मनीरामनं पंचा सोडला. यादोरावांच्या बायकोनं, धुरपताबाईनं, हातातलं सूप खाली ठेवलं. मनीरामचा एक डोळा नव्हता. गालाचं मांस खाली ओघळून तसंच वाळलं होतं.

“अस्वल,” गोमती म्हणाली. “हाक्यात.”

जंगलात बडे साहेब शिकारीला आले की हाका होत असे. साहेब मचाणावर बंदूक घेऊन बसायचे आणि पन्नास-साठ माणसांनी रांग धरून, ढोल-डबे वाजवत, ओरडत, रान तुडवत जनावर त्यांच्या बंदुकीपुढे हाकलायचं. हातात काठी. मजुरी नाही. मालगुजारानं माणसं पुरवायची आणि नाकेदारानं, म्हणजे जंगलाच्या शिपायानं, ती मोजून घ्यायची.

“तिकडे कोणी विचारलं नाही?” धुरपताबाईनं विचारलं.

“विचारलं ना बाई. अस्वल पडलं का सुटलं, हे विचारलं.” गोमती यादोरावांकडे वळली. “आमाले मत नाई, हवालदार. आमी तुमाले निवडलं नाई. पण तुमचे साळेच आमाले हाक्यात पाठवतेत, म्हणून तुमच्याकडं आलो. पुढच्या महिन्यात अखीन हाका आहे. याचा एक डोळा उरला आहे.”

यादोरावांनी नागपूरला प्रश्न पाठवला. घनश्याम वकिलांनी तो इंग्रजीत लिहून दिला. उत्तराच्या दिवशी सरकारी बाकावरचे गृहस्थ उभे राहिले, दोन ओळी वाचल्या आणि बसले.

“का म्हणाले?” यादोरावांनी विचारलं.

“म्हणाले, हाकेवाले आपल्या राजीखुशीने येतात. कोणावरही जबरदस्ती केली जात नाही.”

यादोराव ताडकन उठले आणि मराठीतच म्हणाले, “सभापतीसाहेब, राजीखुशी म्हणजे काय, ते मला समजावून सांगा!”

सभागृहात हशा पिकला. मागून कोणी तरी म्हणालं, “हवालदारसाहेब, इथं डिक्शनरी नाही, कायदे होतात.” सभापतींनी हातोडा आपटला. शब्दाचा अर्थ विचारणं हा प्रश्न होत नाही, बसा.

यादोराव बसले. थोड्या वेळानं त्यांनी वकिलांना विचारलं, “हे उत्तर कुठे लिहून राहते का?”

“छापून येतं. सरकारी शिक्क्यानिशी. पण आता विषय मिटला, यादोराव.”

“मले तो छापील कागद पाहिजे. अना खाली तुमच्या हातानं मराठी करून द्या.”

कागद हातात आला तसा त्यांनी घडी करून कोटाच्या आतल्या खिशात ठेवला. बसऱ्यात घरची पत्रं ते तिथंच ठेवत.

हाक्याच्या दोन दिवस आधी केवलराम दवनीवाड्याला आले. बहिणीनं दिलेलं पाणीसुद्धा त्यांनी घेतलं नाही.

“जवाईबुवा, तुमी कोसमटोल्याले जाऊन राहिले म्हणते. कायले?”

“हाक्यात चाललो.”

“मेंबर माणूस डबा वाजवणार?”

“गोंड वाजवते तं मी काऊन नाई?”

केवलरामांनी आवाज खाली आणला. “मोठे पाहुणे येऊन राहिले. माझी माणसं, माझं रान. हाका बिघडला तं माझी मालगुजारी जाईल. अना तुमच्यावर खटला होईल तो वेगळा. सजा झाली का मेंबरकी खतम. मग कोण विचारते त्या गोंडाईले? अना खटल्यातून वाचले तरी पुढच्या निवडणुकीत माझ्या गाड्या तुमच्यासाठी जुंपणार नाई. आयकून घ्या.”

धुरपताबाई दारात उभी होती. ती म्हणाली, “दादा, सन सोळात यायले पाठवलं तेव्हा आपल्याच बाबानं जवाई पलटणीत चालला म्हणून खुशीनं तहसिलदाराले पान खिलवलं होतं ना? लगन व्हायचं होतं माझं. चार वरस मी वाट पाहली. तेव्हा कोणी म्हटलं नाई का जवाई बिघडून जाईल म्हणून.”

केवलराम उठले. अंगणात थबकून एवढंच म्हणाले, “मूर्ख आहेत दोघंही.”

दुसऱ्या दिवशी दिवस मावळता मावळता यादोराव कोसमटोल्यात पोचले. मोहाच्या झाडाखाली माणसं जमली. यादोरावांनी कागद वाचून दाखवला. एक म्हातारा इतका हसला की त्याला ठसका लागला.

“राजीखुशीनं!” तो म्हणाला. “मागच्या साली मुन्नालाल नाकेदारानं माझी शेळी बांधून ठेवली, तेव्हा मले खुशी आली होती.”

“उद्या मी रांगेत राहीन,” यादोराव म्हणाले. “नाल्याजवळ पोचलो का मी एक शब्द ओरडीन. तो आयकला का जागच्या जागी उभं राहायचं. ढोल बंद, डबा बंद. पळायचं नाई, मारामारी नाई. फक्त उभं राहायचं.”

मग मघाचाच म्हातारा म्हणाला, “तुमी उद्या नागपूरले जाल, हवालदार. मुन्नालाल अठीच राहील.”

हे खरं होतं, आणि ते यादोरावांनाही ठाऊक होतं. बसऱ्यात त्यांनी हुकूम दिला की माणसं उठत, कारण मागे कोर्ट-मार्शल असे. इथं मागे काहीच नव्हतं. मान खाली घालून ते म्हणाले, “खरं आहे. म्हणून मी हुकूम देणार नाई. शब्द ओरडीन. थांबायचं का नाई, ते ज्याचं त्यानं पाहावं.”

बायांच्या घोळक्यातून गोमतीचा आवाज आला. “थांबायले का लागते बाप्पा? पाय तं आपलेच आहेत ना?”

सकाळी दव सुकायच्या आत साठ माणसांची रांग लागली. यादोरावांनी खाकी कोट घातला होता, त्यावर पदकं, आणि हातात घासलेटचा रिकामा डबा. मुन्नालाल नाकेदार माणसं मोजत आला, एकसष्टाव्याजवळ अडखळला आणि सलाम करावा की नाही, या विचारात तसाच पुढे गेला. रांगेच्या पार टोकाला मनीराम उभा होता. त्याला कोणी बोलावलं नव्हतं. गोमतीनं आदल्या दिवशी भांडून पाहिलं होतं, पण तो तिला एवढंच म्हणाला होता, “मले पाहाचं आहे.”

हाका सुटला. ढोल, डबे, आरोळ्या यांनी रान दणाणून गेलं. मोर उडाले, भेकर ओरडत पळालं. पुढे मैलभर अंतरावर मचाणावर जंगलखात्याचे साहेब आणि त्यांचे पाहुणे बसले होते. रांग चढण चढून नाल्याच्या तोंडाशी आली. तिथंच मागच्या साली करवंदीच्या जाळीतून अस्वल उठलं होतं. यादोरावांनी छातीत हवा भरली. नऊ वर्षं तो आवाज त्यांनी काढला नव्हता. निघेल की नाही, याचीच त्यांना धास्ती होती.

“हॉऽऽल्ट!”

आवाज नाल्याच्या दरडीवर आपटून परत आला. आधी त्यांचा स्वतःचा डबा थांबला. मग शेजारचा ढोल. मग पुढचा. शांतता रांगेतून सरकत गेली. टोकाला एक टिमकी अजून वाजत होती, कारण वाजवणारा बहिरा होता. शेजाऱ्यानं त्याच्या मनगटावर हात ठेवला. तीही थांबली.

साठ माणसं रानात उभी होती आणि पानसुद्धा वाजत नव्हतं. मुन्नालाल धावत या टोकाकडून त्या टोकाकडे गेला. “चलो! अरे चलो ना! क्या हो गया?” त्यानं काठी उगारली. समोरच्या माणसानं पापणीही हलवली नाही. काठी तशीच खाली आली. फौजेत यादोरावांनी पुष्कळ रांगा पाहिल्या होत्या, पण अशी रांग पाहिली नव्हती, जिच्यातला प्रत्येक माणूस स्वतःच्या मर्जीनं उभा आहे.

तासाभरानं सगळे साहेबांच्या तंबूपुढे उभे केले गेले. साहेबांचा चेहरा लाल झाला होता. केवलराम हात जोडून एका बाजूला उभे होते.

“तुम फौजी आदमी हो,” साहेब म्हणाले. “हुकूम मानना नहीं सिखाया?”

“सिखाया था साहेब. देना भी सिखाया था.”

साहेबांनी मुन्नालालला टेबलाशी बसवलं. “लिखो. इस आदमी ने हाका रोका.”

मुन्नालालनं दौतीत टाक बुडवला. यादोरावांनी खिशातून कागद काढून टेबलावर पसरला आणि घडीवरून हात फिरवला.

“लिहा, मुन्नालालजी,” ते म्हणाले. “पण पुरं लिहा. यादोराव बिसेननं साठ हाकेवाले थांबवले. अना त्याच्या वरतं हे लिहा का ते साठ जण कोणी आणले होते. जबरदस्तीनं आणले म्हणाल, तं हा सरकारी शिक्क्याचा कागद खोटा. आपल्या राजीखुशीनं आले म्हणाल, तं आपल्याच राजीखुशीनं थांबले. मंग माझा गुन्हा कोणता? कोर्टात मी हाच कागद वाचीन. बोला, का लिहिता?”

मुन्नालालनं साहेबांकडे पाहिलं. साहेबांनी कागद उचलला, शिक्का पाहिला, वरच्या दोन इंग्रजी ओळी वाचल्या. मग पुन्हा वाचल्या. टाकाच्या टोकावरची शाई एव्हाना वाळली होती.

“जाओ,” साहेब शेवटी म्हणाले आणि तंबूत गेले.

यादोराव वळले. साठ माणसं त्यांच्याकडे पाहत होती. एक शब्द अजून बाकी होता, कवायत संपली की माणसं मोकळी करणारा. तो त्यांनी हळूच, जवळजवळ मायेनं उच्चारला. “डिसमिस.”

पुढच्या निवडणुकीत केवलरामांच्या गाड्या खरोखरच जुंपल्या गेल्या नाहीत आणि यादोराव सपाटून पडले. निकालाच्या दिवशी ते खळ्यावर होते. निरोप ऐकून त्यांनी अंगातला खाकी कोट काढून खळ्यातल्या खुंटाला अडकवला आणि परत बैल हाकायला लागले.

त्याच पौषात मुन्नालाल नाकेदार कोसमटोल्यात आला. गोमती दारात धान पाखडत होती.

“हाका आहे,” तो म्हणाला. “माणसं पाठवा.”

गोमतीनं सूप थांबवलं. “राजीखुशीनं यायचं का जबरदस्तीनं?”

मुन्नालालनं इकडेतिकडे पाहिलं. शेजारच्या दारांतूनही माणसं बाहेर येऊन उभी राहिली होती. एका डोळ्याचा मनीरामही होता.

“राजीखुशीनं,” नाकेदार म्हणाला.

“मंग आज खुशी नाई जी,” गोमती म्हणाली आणि तिनं सूप पुन्हा हलवायला घेतलं.