जयाच्या वाटणीचं दूध

पाथर्डीकडच्या एका गावात पहिला दवाखाना निघाला, तेव्हा मनकर्णा तिथली एकटीच नर्स होती. पत्र्याच्या तीन खोल्या, आणि पुण्याची नोकरी सोडून आलेले डॉक्टर आसाराम. पहिल्याच उन्हाळ्यात गॅस्ट्रोची साथ आली. पेशंट ओसरीवर, लिंबाखाली, जागा मिळेल तिथं झोपवलेले. डॉक्टरांचे वडील त्याच दिवसांत वारले, पण सलाईन लावणारी माणसं दोनच होती. डॉक्टर मातीला गेले नाहीत.

मनकर्णाची जया तेव्हा अंगावर पीत होती. तिला काही होऊ नये म्हणून मनकर्णानं तिला आजोळी धाडलं. साथ सरल्यावर आणायला गेली, तर पोर आजीला सोडेना, आईकडे येईना. ही गोष्ट जयानं आजोळी इतक्यांदा ऐकली, की आपल्या आईला दवाखानाच जवळचा, हे तिच्या मनात पक्कं बसलं.

यंदा त्या दवाखान्याची नवी इमारत झाली. डॉक्टर आता हयात नाहीत. उद्घाटनाला मनकर्णाबाईंना बोलावलं होतं. जया त्यांना श्रीरामपूरहून घेऊन आली. मांडवात कल्याण नावाचा शेतकरी पुढं आला, मनकर्णाबाईंच्या पाया पडला आणि जयापुढं हात जोडून उभा राहिला.

साथीतच आपला जन्म झाला आणि आई गेली, असं त्यानं सांगितलं. आजी कडूबाई त्याला कापडात गुंडाळून दवाखान्यातच बसून राहिली होती.

"सिस्टरनी मला अंगाला लावलं," तो म्हणाला. "साथ सरंपर्यंत पाजलं. तुमच्या वाटनीचं दूध मी प्यालोय, ताई."

जयानं आईकडे वळून विचारलं, हे कधी बोलली का नाहीस?

"तू तिकडं शेळीच्या दुधावर होतीस," मनकर्णाबाई हळू म्हणाल्या. "याला पाजताना मला तुझंच तोंड दिसायचं. ते तुला कोणत्या तोंडानं सांगू?"

जयानं आईच्या खांद्यावरचा पदर नीट केला आणि हात तिथंच ठेवला.

थोड्या वेळानं सत्कारासाठी नाव पुकारलं. मनकर्णाबाईंना पायऱ्या चढवेनात. एका बाजूनं कल्याणनं धरलं, दुसऱ्या बाजूनं जयानं. वर गेल्यावर जयानं माईक मागून घेतला.

"मी मनकर्णा सिस्टरची मुलगी," ती म्हणाली. मग तिनं कल्याणकडे हात केला. "आणि हा माझा भाऊ."

मांडवातल्या बायाबापड्या उठून उभ्या राहिल्या. त्यांतल्या कितीजणींची बाळंतपणं मनकर्णाबाईंच्याच हातांनी केली होती.