गाडी कशी शे

त्या रविवारी नानांनी मला तीनदा विचारलं, "गाडी कशी शे?"

पहिल्यांदा मी धुळ्याच्या घरासमोर गाडी लावून उतरत होते तेव्हा. दुसऱ्यांदा जेवताना. आईने कळण्याची भाकरी आणि मिरचीचा ठेचा केला होता, आणि नाना तिला सांगत होते की जळगावला राहून पोरीचं तिखट खाणं सुटलं. मी ते खोटं ठरवायला ठेच्याचा मोठा घास घेतला. डोळ्यांतून पाणी आलं, दोघं हसले, आणि त्या हसण्यातच त्यांनी पुन्हा गाडीचं विचारलं. तिसऱ्यांदा मी निघताना. समोरच्या काचेच्या खाली, जिथे वायपर बसतात त्या काळ्या जाळीकडे ते वाकून बघत होते.

"कोठे उभी करस तू गाडी? झाडखाले?"

मी म्हटलं, जळगावच्या उन्हात दुसरी कुठे करणार? कॉलेजमध्ये निंबाखाली, घरीही निंबाखाली. मग त्यांनी गाडी धुवायला कुठे देते ते विचारलं. मला उशीर होत होता. मी म्हटलं, "नाना, गाडी अगदी बरी आहे."

ते बाजूला झाले. नव्वद किलोमीटरचा रस्ता होता, एप्रिल संपत आला होता, आणि मला अंधाराआधी पोहोचायचं होतं. चारच दिवसांनी, गुरुवारी सकाळी, दुकानाचं शटर वर करताना नाना खाली बसले ते उठले नाहीत.

गाडी बरी नव्हती. त्या रविवारच्या तीन आठवडे आधी धुऊन आणल्यापासून ती पुन्हा तशीच वागायला लागली होती. आतला दिवा विझायचा नाही. कुलूप लावून चार पावलं गेलं की दारं आपोआप उघडायची. दोनदा सकाळी बॅटरी उतरलेली. मी नानांशी खोटं बोलले, कारण खरं सांगायचं तर त्याच्या आधीचंही सांगावं लागलं असतं.

ते आधीचं असं.

पारोळा रोडला नानांचं दुकान होतं. गाड्यांच्या वायरिंगचं. पाटीवर चुडामण ऑटो इलेक्ट्रिकल असं लिहिलेलं असलं तरी दुकान दोघांचं होतं, नानांचं आणि असलमचाचांचं, आणि ते एकतीस वर्षं चाललं. मागच्या पावसाळ्यात माझी गाडी पहिल्यांदा बिघडली तेव्हा मी ती तिथेच नेली. हल्लीच्या गाड्यांत स्टिअरिंगच्या डावीकडे, पॅनलच्या मागे, जाड वहीएवढा एक काळा डबा असतो. दिवे, वायपर, हॉर्न, काचा, दारांची कुलपं, हे सगळं तो चालवतो. दार उघडं आहे की बंद, हेही त्यालाच ठरवायचं असतं. बॉडी कंट्रोल मॉड्यूल असं त्याचं नाव. दुकानात सगळे त्याला बीसीएम म्हणतात, नाना नुसतं डबा म्हणायचे.

नानांनी पॅनल काढलं आणि आपला टेस्टिंग बल्ब लावला. दोन वायरींना जोडलेला साधा बल्ब. त्यावर त्यांनी जन्म काढला होता. बल्ब एका जागी टेकला, दुसऱ्या जागी टेकला, आणि गाडी पूर्ण बंद पडली. काहीच लागेना.

मी वाचणारी बाई आहे. गाडी बिघडल्यावरही मी आधी वाचलं होतं. नव्या गाड्यांत बल्बने तपासू नये, बल्ब जास्त करंट ओढतो, आतलं सर्किट जळतं, असं चार ठिकाणी लिहिलेलं होतं. ते चूक नव्हतंच. तर मी असलमचाचांसमोर, आणि बाकावर बसलेल्या पारोळ्याच्या प्रेमराजसमोर म्हणाले, "नाना, तुम्ही डबा जाळला. तुमच्या बल्बचे दिवस गेले आता."

प्रेमराज टेम्पो चालवतो. त्याचा टेम्पो कायम आजारी असतो, त्यामुळे त्याची त्या बाकावर कायमची जागा आहे, आणि तो कशावरही विनोद करतो. त्या दिवशी त्याने केला नाही.

नाना म्हणाले, "थांब जराशी. अर्थिंग पाहू दे." मी थांबले नाही. दुसऱ्या गाडीने ओढून जळगावच्या एका वर्कशॉपला नेली. तिथे नवा डबा बसवला आणि गाडी चालू झाली. म्हणजे माझंच खरं झालं. नानांनी फोनवर एवढंच सांगितलं, जुना डबा टाकू नको, येताना घेऊन ये. मी नेऊन दिला. त्यानंतर त्यांनी माझ्या गाडीला हात लावला नाही. फक्त दर वेळी विचारायचे, कशी शे.

एप्रिलमध्ये नव्या डब्यासकट गाडी पुन्हा बिघडली, त्याच दिवशी मला कळलं होतं. डबा नवा, बल्ब कोणी लावलेला नाही, आणि खोड तीच. मग मागच्या वर्षीही डबा जळालेला नसणार. त्या रविवारी मी हेच सांगायला धुळ्याला गेले होते. शब्दही ठरवले होते. पारोळ्याच्या पुढे आल्यावर एकदा मोठ्याने म्हणूनही पाहिले. मग ठेचा झाला, हसणं झालं, आणि मी गाडी बरी आहे म्हणून निघून आले.

तेराव्याला सकाळी कुणा भावकीतल्याने अंगणातल्या सगळ्या गाड्या पाइपने धुतल्या. मांडवाची धूळ बसली होती. दुपारी पानं वाढली जात होती, तेव्हा माझ्या बंद गाडीचा वायपर कोरड्या काचेवरून एकदा फिरला आणि थांबला. दारांची कुलपं खाडकन वर आली. पंगतीतले लोक बघत राहिले. नानांची मोठी बहीण, भिकुअक्का, हातातलं भांडं खाली ठेवून गाडीसमोर गेली आणि तिने हात जोडले. म्हणाली, "उना मना भाऊ. पोरनी गाडी पाहाले उना."

भाऊ आला, हे ऐकून बायका रडल्या. आई रडली. मी रडू शकले नाही. धुतल्यावर ती गाडी अशीच वागते हे त्या अंगणात एकट्या मला माहीत होतं, आणि मी तेव्हाही बोलले नाही.

दुसऱ्या दिवशी गाडी चालूच होईना. असलमचाचा आले, त्यांनी दुसरी बॅटरी जोडून ती दुकानापर्यंत नेली. नाना गेल्यावर शटर पहिल्यांदाच उघडलं होतं. प्रेमराज आधीच बाहेर येऊन उभा होता. त्याच्या टेम्पोचा एक इंडिकेटर बंद होता. तो म्हणाला, त्याला घाई नाही, तसाही तो हात बाहेर काढूनच वळतो.

असलमचाचा हत्यारं न घेता गाडीत माझ्या शेजारी येऊन बसले. ही नानांची पद्धत. गिऱ्हाइकाने पहिल्यापासून सगळं सांगायचं, तीनदा सांगायचं, आणि ते होईपर्यंत कोणी स्क्रू काढायचा नाही. बिघाड कधी झाला, आदल्या दिवशी पाऊस होता का, गाडी धुतली होती का, कुठे उभी होती. लहानपणी मला हे फार कंटाळवाणं वाटायचं. नाना म्हणायचे, गिऱ्हाईक एक गोष्ट लपवतं आणि आपले तीन दिवस जातात.

"सांग बेटा," असलमचाचा म्हणाले.

मी सांगितलं. काल धुतली, आज बंद.

"त्याच्या आधी?"

मागच्या पावसाळ्यात, म्हटलं. ते तुम्हाला माहीतच आहे.

त्यांनी मान हलवली आणि पुन्हा पहिल्यापासून सांगायला लावलं. मी पुन्हा तेच सांगितलं. तिसऱ्या वेळी ते माझ्याकडे न बघता समोरच्या काचेतून बघत म्हणाले, "मधलं राहून जातंय तुझं. नवा डबा बसला, आठ-नऊ महिने गाडी चांगली चालली. मग एकदम काल बिघडली? बॅटरी तर आधी दोन-तीनदा उतरलेली दिसते."

दारं उघडी होती. बाकावर प्रेमराज होता. मी म्हटलं, "एप्रिलच्या सुरुवातीला बिघडली. धुतल्यावर."

"म्हणजे चुडामणभाऊ होते तेव्हा."

"हो."

"त्यांना माहीत होतं?"

"नाही. मी बरी आहे म्हणाले."

ते गाडीतून उतरले. हत्यारं घेऊन कामाला लागले. काही बोलले असते तर सोपं गेलं असतं.

त्यांनी काचेखालची काळी जाळी उचलली. खाली निंबाच्या काड्या, वाळलेला मोहोर आणि मातीचा थर होता. काचेवरचं पाणी वाहून जायचं भोक त्या थराने बुजलं होतं. पाणी तिथे साचायचं, वायरींच्या जुडग्यावरून आत उतरायचं. त्यांनी मीटरची एक पिन बॅटरीच्या निगेटिव्हला लावली, दुसरी डब्याच्या अर्थिंगच्या वायरीला, आणि मला दिवे लावायला सांगितले. तिथे जवळजवळ शून्य यायला हवं, ते म्हणाले. मीटरवर दोन व्होल्टच्या जवळ आकडा आला.

डाव्या सीटच्या पायाशी पॅनल काढलं. आतलं कापड ओलं होतं. ज्या बोल्टने अर्थिंगच्या वायरी गाडीच्या पत्र्याला कसल्या होत्या, तो गंजून हिरवा-तांबडा झाला होता. त्यांनी समजावून सांगितलं. डबा चांगला असला तरी त्याची परतीची वाट इथून जाते. ती बिघडली की त्याला बंद दार उघडं वाटतं, न दाबलेलं बटण दाबल्यासारखं वाटतं. मागच्या वर्षी पॅनल काढताना वायर हलली आणि उरलेली पकडही सुटली. बल्ब त्याच वेळी टेकला होता, एवढंच. वर्कशॉपवाल्यांनी डबा बदलताना वायरी ओढल्या-दाबल्या, म्हणून उन्हाळ्यापर्यंत निभावलं.

"भाऊंना तेव्हाच शंका आली होती," ते म्हणाले. "दर रविवारी तू गेलीस की सोमवारी मला सांगायचे. झाडाखाली लावत असणार, पाणी शिरत असणार. एकदा अर्थिंग पाहायला मिळालं पाहिजे."

मी म्हटलं, मग माझ्याकडे मागितलं का नाही.

त्यांनी पाना उचलला. बोल्ट काढला, पत्रा पॉलिश पेपरने चकचकीत घासला, वायरी साफ करून पुन्हा कसल्या, वर ग्रीस लावलं. बॅटरीच्या वायरीत मीटर जोडला, गाडी कुलूपबंद केली. आता वीस मिनिटं हात लावायचा नाही, म्हणाले. सगळं बंद झाल्यावर डबा झोपतो. झोपला की करंट अगदी खाली येतो. नाही आला तर अजून कुठेतरी काहीतरी जागं आहे.

त्या वीस मिनिटांत ते आत गेले आणि प्लायवुडची एक फळी घेऊन आले.

फळीवर माझ्या गाडीचा जुना डबा स्क्रूने बसवला होता. त्यातून निघालेल्या वायरी सरळ रेषेत, क्लिपा मारून, जागोजाग बांधलेल्या. वर दोन हेडलाइट, चार इंडिकेटर, केबिनचा छोटा दिवा, एक हॉर्न. असलमचाचांनी फळी बॅटरीला जोडली आणि एकेक बटण दाबत गेले. हेडलाइट लागले. इंडिकेटर टिकटिकत लागले. केबिनचा दिवा लागला आणि हळूहळू विझला, जसा विझायला हवा तसा. डब्यावर कापडी टेपचा तुकडा होता. नाना तपासलेल्या प्रत्येक वस्तूवर तसा तुकडा लावायचे. त्यावर पेन्सिलने तारीख आणि एकच शब्द होता. चालू.

तारीख मागच्या श्रावणातली होती. मी डबा आणून दिल्यानंतर सहाव्या दिवसाची.

"मी म्हटलं होतं त्यांना, न्या जळगावला, दाखवा पोरीला," असलमचाचा म्हणाले. "म्हणाले, तिनी वाचेल शे. तिले खोटं पाडीसन माले काय करनं शे?"

प्रेमराज जमिनीकडे बघत होता. इंडिकेटर टिकटिकत होते. असलमचाचांनी ते बंद केले आणि मीटरकडे गेले. आकडा बराच वेळ एका जागी थांबला, मग उतरला, पुन्हा उतरला, आणि अगदी तळाशी जाऊन स्थिर झाला. ते म्हणाले, झोपला. आता पुढच्या पावसाळ्यालाही काही होणार नाही, फक्त जाळी महिन्यातून एकदा साफ कर.

मी कॉलेजला गेल्यापासून नाना माझ्याशी त्यांच्या बोलीत बोलायचे आणि मी पुस्तकातल्या मराठीत उत्तर द्यायचे. त्यांनी कधी त्याबद्दल काही म्हटलं नाही. पारोळ्याच्या पुढे गाडीत मी जे ठरवून म्हटलं होतं, तेही पुस्तकातल्या मराठीतच होतं.

मी फळीसमोर उभी राहिले. मागच्या वर्षी उभी होते तीच जागा. असलमचाचा होते, प्रेमराज होता. दोघांना ऐकू जाईल एवढ्या आवाजात मी म्हणाले,

"नाना, तुम्ही काहीच जाळेल नव्हतं. माले माहीत व्हतं. त्या रविवारले बी माहीत व्हतं."