तेवीस झुडपं आणि एकटी मी

मित्रांनो, मी कुंपणाच्या कोपऱ्यातलं एक जुनं झुडूप आहे. पुस्तकात माझं नाव फोर्सिथिया. पण ते उच्चारताना माळीबाबांची जीभ अडखळते, म्हणून त्यांनी मला ‘पिवळी’ करून टाकलं. थंडी सरता सरता, अंगावर एकही पान नसताना मी फुलते. कपडे घालण्याआधी दागिने घालावेत, तसा माझा उलटा कारभार! पण तेवढे दिवस रस्त्याने जाणारी माणसं पाऊल थांबवून माझ्याकडे बघतात.

माझ्या मागे झाडपाल्याची औषधं बनवणारा छोटा कारखाना आहे. माझी फळं वाळवून तापावर, घशाच्या दुखण्यावर द्यायची रीत फार जुनी. म्हणून तिथल्या मोठ्या बाईंनी मला इथे आणवलं. तेव्हा आम्ही दोघी होतो, मी आणि माझ्यासारखीच आणखी एक.

माळीबाबा कामाचे पक्के आणि हट्टाचे त्याहून पक्के. पहिल्या बहरात त्यांनी आम्हा दोघींना लांबून न्याहाळलं. माझी फुलं जरा दाट होती. “हीच जातिवंत,” ते म्हणाले. दुसरीला त्यांनी मुळासकट काढलं आणि नदीपलीकडे राहणाऱ्या बहिणीच्या फाटकाशी नेऊन लावलं. मग माझ्याच फांद्या कापून मातीत खोचल्या. मला मुळं फुटायला वेळ लागत नाही. बघता बघता कुंपणभर बावीस झुडपं उभी राहिली.

काही वर्षं कौतुकात गेली. मधमाश्या यायच्या, अंगभर पराग माखून जायच्या. फुलं गळायची. फळ मात्र धरायचं नाही.

शेवटी एक दिवस मोठ्या बाई कुंपणाशी आल्या. “माळीबाबा, नुसत्या शोभेसाठी एवढी जागा नाही हो आपल्याकडे. या बहरातही फळ आलं नाही, तर सगळं कुंपण काढून टाकू.”

बाबा कामाला लागले. त्यांनी खत घातलं, छाटणी केली, पाण्याची वेळ एक दिवस चुकवली नाही. कळ्या आल्या तेव्हा माझ्या फांदीवर हात ठेवून म्हणाले, “पिवळे, माझ्या हातून काय कमी पडलं गं?” मला फार वाईट वाटलं. उत्तर मलाही ठाऊक नव्हतं.

त्याच बहरात बाबांची लेक सुट्टीत घरी आली. ती झाडांच्या जनुकांचा अभ्यास करते. जनुकं म्हणजे काय, तर जिवाने कसं वाढायचं, कसं फुलायचं, याच्या सूचना. त्या इतक्या बारीक पेशीत ठेवलेल्या असतात की डोळ्यांना दिसतसुद्धा नाहीत. तिने माझं एक फूल तोडलं, नखाने उभं चिरलं आणि भिंगाखाली धरलं. मग शेजारच्या झुडपाचं, मग त्याच्या शेजारचं. तेवीस फुलं तिने पायरीवर ओळीने मांडली.

“बाबा, ही झुडपं कुठून आणलीत?”

“आणतोय कशाला? सगळी हिच्याच फांद्यांची. निवडून निवडून लावलीत!”

“मग ही तेवीस नाहीत, बाबा. हे एकच झुडूप आहे.”

तिने बाबांच्या हातात भिंग दिलं. माझ्या फुलाच्या मधोमध एक नाजूक दांडी असते. तिच्या टोकावर योग्य पराग पडला, तर फळ धरतं. आम्हा तेवीस जणींची दांडी लांब, परागाच्या पिशव्यांच्या वर डोकावणारी. पण माझ्या जातीत दुसऱ्या तऱ्हेची झुडपंही असतात. त्यांची दांडी आखूड, पिशव्यांच्या खाली दडलेली. लांब दांडीला आखूड दांडीवाल्या फुलाचाच पराग लागतो. आपला स्वतःचा चालत नाही.

मित्रांनो, मी थक्क झाले. इतकी वर्षं ज्यांना मी मैत्रिणी समजत होते, त्या सगळ्या मीच! आणि मोहरीच्या दाण्याहून लहान टोकाला आपलं कोण, परकं कोण हे ओळखता येतं? ना डोळे, ना कान, तरी चूक होत नाही! माझ्याच पोटात एवढं आश्चर्य होतं आणि मला पत्ता नव्हता.

बाबांनी भिंग खाली ठेवलं. “आणि ती दुसरी मीच टाकून आलो.”

निरोप मिळताच दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांची बहीण स्वतः आली. कडेवर पाण्याची बादली, बादलीत फुललेल्या फांद्या. “घे दादा. ही पण माझ्या दारात नुसतीच फुलत होती. शेजारीण तिला वांझ म्हणाली, तेव्हा मी त्या शेजारणीलाच फाटकाबाहेर काढलं. तो शब्द मी जन्मभर ऐकलाय.”

लेकीने त्यातलं एक फूल चिरलं. दांडी आखूड होती.

“बघ दादा,” आत्या हळूच म्हणाली, “दोष नव्हताच कुणाचा.” बाबांनी मान खाली घातली.

मग चार दिवस तिघांनी मऊ कुंचल्याने त्या फांद्यांचा पराग आमच्या फुलाफुलाला लावला. पाकळ्या गळाल्या आणि, काय सांगू, देठाशी हिरवा ठिपका राहिला! पानगळीच्या सुमाराला त्याचं चोचीसारखं टोक असलेलं तपकिरी फळ झालं. मोठ्या बाईंनी ते तळहातावर घेतलं, उलटसुलट करून पाहिलं. “कुंपण राहू दे,” त्या म्हणाल्या.

थोड्या फळांचं बी बाबांनी पेरलं. लेक म्हणाली, “साधारण निम्मी रोपं लांब दांडीची होतील, निम्मी आखूड. पण कुठलं कोणतं, ते फुलेपर्यंत कळायचं नाही.”

एका नजरेत जात ओळखणारे बाबा आता वाफ्यातून जपून पाय टाकतात. आत्या पाणी घालायला येते. एक रोप अगदीच मरतुकडं आहे. पूर्वी बाबांनी ते पहिल्याच दिवशी उपटलं असतं. काल त्यांनी त्याला काठीचा आधार बांधला.

मित्रांनो, तुमचाही हात कधी एखादं रोप उपटायला गेला, तर तेवढं थांबा. त्याला एकदा फुलू द्या. आणि फुललं, की लांबून बघू नका. जवळ या.