सर उलटे उतरतात

आमचे मुख्याध्यापक जिना उलटे उतरतात. तोंड वरच्या मजल्याकडे, पाठ तळमजल्याकडे. देशासाठी वल्ही मारून पदकं आणलेला माणूस. शर्यतीच्या नावेत जायच्या दिशेला पाठ करून बसतात, त्यामुळे समोर बघत पुढे जाणं सरांना जरा भित्रेपणाचं वाटतं. पुढचं बघायला टोकाला बसून हाका देणारं एक लहानखुरं माणूस असतं. सरांच्या नावेत हाका द्यायला एक मुलगी होती. सरांनी तिच्याशीच लग्न केलं. घरी आजही हाका त्याच देतात.

तर, आग लागल्यास शाळा रिकामी करण्याच्या तालमीत आम्ही सपशेल नापास झालो होतो. सगळी पोरं जिन्याच्या वळणावर बुचासारखी अडकली. पुन्हा नापास झालो तर वरच्या मजल्याला कुलूप आणि अर्धी मुलं दुसऱ्या शाळेत. मी शिकवतो तो वर्ग वरच, म्हणजे मीही.

"सर, वळणावर शिक्षक उभे करू," मी म्हटलं.

"जागा नाही म्हणून अडकतात ना? मग तिथे आणखी माणसं कशाला कोंबतोस? शाळेत सगळ्यात लहान आणि सगळ्यात मोठ्या आवाजाचं कोण?"

अख्ख्या स्टाफरूमने कपाळाला हात लावला. पाचवीतली ती, जिला सगळे भोंगा म्हणत. तिला गप्प बसवण्यात आमची उमेद खर्ची पडली होती.

"खरंच ओरडू?" भोंगा म्हणाली. "आईला तुम्ही सांगाल ना, सर?"

नियम सोपे: रांग म्हणजे नाव, हात पुढच्याच्या खांद्यावर, पाऊल हाकेवर, "सुटा" म्हटल्याशिवाय कोणी सुटायचं नाही.

तालमीच्या दिवशी तपासनीस नेमके जिन्याच्या मधोमध उभे राहून टिपणं काढत होते. घंटा झाली. वळणावरच्या स्टुलावरून भोंगा गरजली, "ओ चष्मेवाले काका! रांगेत घुसा! डावा पाय!"

"अगं, मी तपासनीस—"

"नावेत बोलायचं नाही!"

काकांनी डावा पाय टाकला. मागच्या मुलाचा हात खांद्याला पुरेना, त्याने काकांचा पट्टा धरला. रांग तेल लावल्यासारखी मैदानात आली आणि थांबली.

"आता सोडू का?" तपासनिसांनी मला हळूच विचारलं.

"तिने सांगितल्याशिवाय नको, साहेब. मलाही ओरडते."

शेवटी भोंगा आली, तिच्यामागून पाठमोरे सर. "सुटा!"

तपासनिसांनी पट्टा सारखा केला. "वरचा मजला चालू राहील. पण तुम्ही उलटे का उतरता?"

"वर कोणी राहिलं तर दिसतं," सर म्हणाले.

तपासनिसांनी टिपणवही मिटली. मग फाटकापर्यंत उलटे चालत गेले. भोंगा हाका देत होती. सायकलींवर आदळले ते स्वतःच्या चुकीने. तिने "थांबा" म्हटलं होतं.