हरणीच्या गळ्यातली घंटा

मित्रांनो, मी हरणी गाईच्या गळ्यातली जुनी पितळी घंटा आहे. आता काळवंडले आहे, पण आवाजात अजून कुणाला हार जायची नाही!

भोरला महंमदचाचांच्या दुकानात हरणीचे मालक गेनबा यांनी एकेक घंटा वाजवून मला निवडलं. "गेनबा, गाय घेताना तरी येवढा येळ लावला व्हता का?" चाचा हसले. पण आमच्या डोंगरातल्या हिर्डोशी गावात प्रत्येक घराच्या घंटेचा आवाज निराळा लागतो, कारण धुक्यात गुरं कानांनीच शोधायची असतात. गेनबांची छोटी लेक प्रेरणा तर ओट्यावर बसून सांगायची, हरणी आता चरतेय, आता पाणी पितेय. मला तिचं फार कौतुक वाटायचं.

पुढे ती पुण्याला गेली आणि दिवसभर कॉम्प्युटरवर आकडे भरू लागली. दोन हजार सहाच्या पावसाळ्यात घरी आली ती पार शिणून. कामात चुका व्हायला लागल्या म्हणून साहेबांनीच सुट्टीवर पाठवलं होतं. जेवताना आईने हाक मारली तरी तिचं लक्ष नसायचं.

हरणीचे दिवस भरत आले होते. प्रेरणा तिला चरायला माळावर घेऊन आली, कारण मोबाईलला रेंज तिथेच. ती मोबाईलवरच्या सापाच्या खेळात बुडाली आणि हरणी मला घेऊन रानात शिरली. मग धुकं उतरलं. त्या रानात बिबट्या फिरतो.

"हरणे! हरणे!" प्रेरणा घाबरून ओरडत सुटली. मी वाजत होते, पण तिच्याच ओरडण्यात माझा आवाज बुडत होता. तेवढ्यात गेनबा आले.

"वरडू नगंस. खाली बस. आदी कान निवू दे."

पुढचं तिनेच नंतर हरणीला सांगितलं, म्हणून मला कळलं. आधी तिला डोक्यातली घणघणच ऐकू आली. मग पानांवरून गळणारं पाणी. मग लांबचा ओढा, बेडूक. आणि मग मी, बारीक, न थांबता.

"आबा, हरणी चरत न्हाई. ती वासरू चाटतीया!"

ती थेट आमच्यापाशी आली. ओलं वासरू लटपटत उभं राहत होतं. प्रेरणाने हरणीच्या गळ्याला अशी मिठी मारली की मला वाजताच येईना.

आता ती दर महिन्याला येते, मोबाईल आईकडे देते आणि आमच्याबरोबर माळावर बसते. माझा लोलक झिजलाय, गेनबा बदलू म्हणतात.

"ऱ्हाऊ द्या, आबा. आवाज बारीक झाला, म्हून मला आजून गप बसाया लागतं."

मित्रांनो, मला चिंचेने घासलं नाहीत तरी चालेल. अधूनमधून डोंगरावर या आणि कान निवेपर्यंत बसा. मी वाजत असेनच.