कासवमामाचा शब्द

देवाने माणसाला एकच गळा दिलाय, तो जपून वापरावा म्हणतात. पण ज्याचं पोटच गळ्यावर चालतं त्याने काय करावं? परभाषेतल्या कार्टूनांना आपल्या भाषेत बोलतं करायचं, हा त्याचा धंदा. इमारतीत त्याला सगळे ‘आवाजवाले’ म्हणत. दिवसभर भिंतींना गाद्या ठोकलेल्या अंधाऱ्या खोलीत हेडफोन लावून उभं राहायचं. पडद्यावरच्या प्राण्याचं तोंड उघडलं की बोलायचं, मिटलं की गप्प. एखादा शब्द जास्त झाला की काचेपलीकडून रेकॉर्डिस्ट ओरडायचा, “साहेब, त्याचं तोंड मिटलं, तुमचं चालूच आहे!” मग तो शब्द छाटायचा. वीस वर्षांत त्याचा हात छाटणीला असा बसला होता, जसा शिंप्याचा कात्रीला.

त्याचं गाजलेलं काम म्हणजे कासवमामा. डोळ्यांवर चष्मा, चालीत सुस्ती आणि बोलण्यात अशी माया की ऐकणाऱ्याने मांडीवर डोकं ठेवावं. रोज संध्याकाळी पाच वाजता कासवमामा टीव्हीत यायचा आणि आवाजवाल्याची पाच वर्षांची लेक चिमी हातातलं सगळं टाकून समोर बसायची. मामाने सांगितलं की दात घासायची, मामाने सांगितलं की खेळणी उचलायची. आतला आवाज आपल्या बापाचा आहे, हे तिच्या गावीही नव्हतं. कसं असणार? आवाजवाला घरी यायचा तो घसा धरून. कोमट पाण्याच्या गुळण्या करायचा आणि मानेनेच हो-नाही करायचा. उद्याच्या रेकॉर्डिंगसाठी गळा राखायला हवा ना!

“सगळा माल बाहेर विकून येतोस,” बायको म्हणायची, “आणि घरी आणतोस रिकामी बाटली.” कधी हसून म्हणायची, “टीव्हीत तू माझ्या लेकीचा मामा, म्हणजे माझा भाऊ. मग घरात तुला म्हणू तरी काय?”

तो हसायचा. तेही बिनआवाजाचं.

एकदा चिमी दूध पिईना. आवाजवाल्याला शक्कल सुचली. कामावरून त्याने कासवमामाची नऊ सेकंदांची एक चित्रफीत आणली, नुसतं मामाचं तोंड हलतंय अशी. त्यावर आपले शब्द बसवले आणि फोनवरून टीव्हीवर लावले. “चिमीबाळ, दूध संपव बरं. तू फार हुशार आहेस.” चिमी थक्क! मामाने नाव घेतलं! पेला रिकामा झाला. मग काय, माकडाच्या हाती कोलीत. केस धुवायचे आहेत, मामा. अभ्यास, मामा. लवकर झोप, मामा. बायको दोनदा म्हणालीसुद्धा, “अरे, हे तूच सांग की तिला.” त्याने घशाकडे बोट दाखवलं.

अशात बायकोची आई घसरून पडली आणि मांडीचं हाड मोडलं. बायको तातडीने माहेरच्या गावी, इस्पितळात गेली. जाताना लेकीचा मुका घेतला, नवऱ्याला म्हणाली, “बहुतेक रविवारी येते. तिच्याशी बोलत राहा रे जरा.”

पहिल्या दिवशी चिमीने वीसदा विचारलं, “आई कधी येणार?” तो म्हणायचा, “येईल.” दुसऱ्या दिवशी तिने बापाला विचारणंच सोडलं. म्हणाली, “मी मामालाच विचारते. तो नीट सांगतो.”

ते बोलणं त्याला लागायला हवं होतं. लागलं नाही. उलट हायसं वाटलं. तिसऱ्या दिवशी चिमीला शेजारी सोडून तो कामावर गेला आणि जेवणाच्या सुट्टीत त्याने माईकसमोर उभं राहून म्हटलं, “चिमीबाळ, रडू नकोस. आई बहुतेक रविवारी घरी येणार आहे हं.” लावून पाहिलं, तर मामाचं तोंड आधीच मिटत होतं. सवयीचा हात. त्याने ‘बहुतेक’ छाटलं आणि वाक्य चपखल बसलं. रेकॉर्डिस्टने काचेतून अंगठा दाखवला.

रविवारी चिमी सकाळीच उठली. आपल्या हाताने केस विंचरले, भांग वाकडाच पडला. निळा फ्रॉक घातला, बूटसुद्धा चढवले, आणि खिडकीपाशी स्टुलावर उभी राहिली. खाली गाडी थांबली की टाचा उंचावून बघायची. दुपारी फोन आला. म्हातारीला ताप भरलाय, डॉक्टर अजून आठ-दहा दिवस म्हणतात, पुढचं काही सांगता येत नाही. “चिमीला नीट समजाव,” बायको म्हणाली.

तो खिडकीशी गेला. “चिमे, आई आज येत नाही गं.”

“खोटं! मामा म्हणालाय.”

“अगं, आजीला ताप...”

“मामा कधी खोटं बोलत नाही. तुला काही माहीत नसतं!”

आवाजवाला न्हाणीघरात शिरला आणि दार लावून घेतलं. फोन काढला. हात आपसूक चालत होता. ‘चिमीबाळ, रस्ता बंद आहे, म्हणून...’ नऊ सेकंदांत सहज बसेल. पोर शांत होईल. तेवढ्यात बाहेरून तिचं बोलणं कानावर आलं. ती बंद टीव्हीच्या काचेला तोंड लावून कुजबुजत होती.

“मामा, ऐक ना. आई बाबामुळे येत नाहीये ना? बाबा तिच्याशी बोलत नाही, माझ्याशीपण बोलत नाही. मामा, तूच आमच्याकडे राहायला ये. बाबाला तुझ्याकडे ने.”

खाई त्याला खवखवे. इथे तर खवखव गळ्यातून काळजात उतरली. वर्षभर त्याने पोरीचा विश्वास कमावला होता, आणि सगळा दुसऱ्याच्या नावावर जमा केला होता. आता आणखी एक खोटं त्यावर ठेवायचं? परमेश्वरा, तो स्वतःशी म्हणाला, लोकांच्या लेकरांना मी गोड बोललो, आणि माझ्या लेकराला बाप मुका निघाला.

तो बाहेर आला. तिच्यासमोर जमिनीवर बसला आणि त्याच मऊ, सुस्त आवाजात म्हणाला, “चिमीबाळ.”

चिमीने टीव्हीकडे पाहिलं. काच काळी. तिने बापाकडे पाहिलं. मग उठून त्याच्या पाठीमागे जाऊन आली.

“मामाला गिळलंस?”

“नाही गं. मामा म्हणजे मीच. तो बोलतो ते मीच बोलतो. कामावर.”



“मी हुशार आहे, असं कोण म्हणालं होतं?”

“मीच.”

“मग तोंडाने का नाही म्हणालास?”

उभ्या आयुष्यात त्याने हजारो प्राण्यांच्या तोंडी उत्तरं घातली होती. आताही सवयीने बोट घशाकडे गेलं, ते त्याने खाली घेतलं.

“आणि रविवारचं?”

“तेही मीच. आई म्हणाली होती, बहुतेक. मी तो शब्द काढून टाकला. माझी चूक झाली, चिमे.”

“मग आता कधी येणार?” तिने विचारलं. “मामासारखं नको सांगू.”

“मला माहीत नाही,” तो स्वतःच्या घोगऱ्या आवाजात म्हणाला. “आजी बरी झाली की. दहा दिवस लागतील, जास्तही लागतील. कळेल तसं रोज सांगेन. मीच सांगेन.”

चिमी रडली नाही. रडली असती तर बरं झालं असतं, जवळ तरी घेता आलं असतं. तिने त्याच्या हातातला फोन घेतला आणि आईला लावायला सांगितलं. पलीकडून “बोल माझे राणी” ऐकल्याबरोबर म्हणाली, “बाबा म्हणतो त्याला माहीत नाही तू कधी येणार. खरं?”

“खरं गं. मलासुद्धा माहीत नाही.”

चिमीने फोन कानापासून दूर धरला आणि बापाला निरखून पाहिलं. एखाद्या अनोळखी माणसाने आपलं नाव बरोबर सांगावं, तसं. मग फोन त्याच्या मांडीवर ठेवून ती तिथेच, त्याच्यापासून हातभर अंतरावर, भिंतीला टेकून बसली.

“आजी कशी पडली ते सांग,” ती म्हणाली. “सगळं सांग.”

आवाजवाल्याने घसा खाकरला. उद्या सकाळी नऊला रेकॉर्डिंग होतं. तो सांगू लागला, आणि कुठलाही शब्द छाटला नाही.